अंजीरपोळी आणि पहिली आखाजी

दगाआबांना कुजबुजता येत नाही, हे सुरतेतल्या पांडेसऱ्याच्या त्या गल्लीत सगळ्यांना ठाऊक होतं. बेचाळीस वर्षं कापडाच्या लूमच्या खडखडाटात काढली की माणसाचा आवाज जो चढतो, तो काम सुटल्यावरही उतरत नाही. त्यामुळे आखाजीच्या, म्हणजे अक्षय्य तृतीयेच्या, आदल्या दिवशी सकाळी त्यांनी सुनेला मोरीजवळ गाठून जी गुप्त गोष्ट सांगितली, ती स्वयंपाकघरात सांजोरीच्या सारणाचा रवा भाजणाऱ्या उषाबाईंनी ऐकली, आणि समोर कपडे वाळत घालणाऱ्या धुरपदाबाईंनीही ऐकली.

"नीलम, सकाय आखाजीले जवाई ई ऱ्हायनात. नवी बाईबी ई ऱ्हायनी. तुन्ही सासूले आत्ते सांगू नको."

उषाबाईंनी गॅस बंद केला. "सांगू नको कसाले? मी काय बहिरी शे?"

आबा स्वयंपाकघराच्या दारात येऊन उभे राहिले. पकडले गेले की ते नेहमी करत तेच त्यांनी आताही केलं, आवाज आणखी चढवला. "आपला जवाई शे तो. त्याले बलावानं नही का?"

"जवाईले बलावा. तिले कसाले?"

गायत्रीला जाऊन आठ महिने झाले होते. भादव्यात ताप आला, डेंग्यू निघाला, आठव्या दिवशी सगळं संपलं. एकतीस वर्षांची लेक, मागे सहा वर्षांची हेतवी. आणि फाल्गुनात श्रीरंगनं दुसरं लग्न केलं. पोरीकडे बघायला कोणीतरी हवं, असं सगळे म्हणाले आणि ते खोटं नव्हतं, म्हणून उषाबाईंना जावयावर धड रागावताही येत नव्हतं. मग तो सगळा राग त्यांनी त्या न पाहिलेल्या बाईसाठी राखून ठेवला होता.

रीत त्यांना माहीत होती. जावयानं दुसरी केली की पहिलीच्या आईबापांनी तिला घरी बोलवायचं, हळदकुंकू लावायचं, नवी साडी द्यायची, ओटी भरायची आणि चार माणसांत म्हणायचं, आजपासून ही आमची लेक. मग ती दर आखाजीला या घरी माहेरपणाला येणार. चलथाणहून श्रीरंगच्या आईनं, सखुबाईंनी, निरोपही तसाच रोखठोक धाडला होता. माझ्या सुनेला तुमच्याकडे मान मिळाला तर नात येईल-जाईल. आईला दाराबाहेर आणि लेकीला घरात, असं मी चालू देणार नाही.

"आई, ताईची जागा कोणी घेत नाही हो," नीलम सासूजवळ येऊन बसली. ती इथेच उधन्यात जन्मलेली, अहिराणी समजायची पण बोलायची नाही. "पण हेतवीचं काय? सखुबाई तिला पाठवणारच नाहीत."

"मले माहीत शे."

तिचा नवरा वाल्मिक खांद्यावर टॉवेल टाकून बाहेर आला. रिंगरोडच्या साड्यांच्या दुकानात दिवसभर बायकांची समजूत काढून काढून त्याला वाटायचं, जगातली कुठलीही बाई दहा मिनिटांत पटवता येते. "आई, यात काय आहे एवढं? एक साडी द्यायची आणि मोकळं व्हायचं. साडी मी आणतो दुकानातून, झकास!"

"साडी शे मन्हाकडे," उषाबाईंच्या तोंडून निघून गेलं.

कोणाला ठाऊक नव्हतं. श्रावणात त्यांनी गायत्रीसाठी मोरपंखी साडी घेऊन ठेवली होती, दिवाळीला द्यायची म्हणून. गायत्रीनं ती पाहिलीसुद्धा नाही. कपाटात चादरींच्या खाली ती अजून घडीतच होती.

"ती तिन्हीच शे. दुसरी कोनले देवाव नही मी," त्या म्हणाल्या. "येऊ द्या त्या बाईले. पाहुनी म्हनीसन येऊ द्या, जेवीसन जाऊ द्या. लेक म्हनाव नही."

आबांनी वाल्मिककडे पाहिलं, वाल्मिकनं नीलमकडे. तिघं एका बाजूला आहेत हे उषाबाईंना दिसलं. त्यांनी गॅस पुन्हा पेटवला आणि रवा हलवायला घेतला.

खानदेशातल्या बायकांना दिवाळी एक वेळ नसली तरी चालेल, पण आखाजी हवी. सासरी नांदणाऱ्या लेकी त्या दिवशी माहेरी येतात, झाडांना झोके बांधतात, गौराईची गाणी म्हणतात, आणि आई त्यांना कामाला हात लावू देत नाही. सुरतेत झाडं कुठली आणि अंगणं कुठली, पण लेक यायची तेवढं आखाजीला पुरे असायचं. गायत्री चलथाणहून यायची ती फळबाजारात, सरदार मार्केटला उतरून, पुरंदरच्या ताज्या अंजिरांची पेटी घेऊन. लग्नाआधी अडाजणला एका बाईंकडे तिनं केक-बिस्किटांचा क्लास केला होता, आणि आल्या आल्या पदर खोचून ती एक पदार्थ करायला घ्यायची. मैद्याच्या पातळ पोळीत अंजिराच्या फोडी भरायच्या, कडा आत दुमडायच्या आणि मिठाच्या कढईत भाजायचं. ती त्याला पाय म्हणायची. "आम्ही पाय खातंस नही, पाय पडतंस," असं आबांनी पहिल्याच वर्षी भरल्या घरात जाहीर केलं, तेव्हापासून घरात त्याचं नाव अंजीरपोळी पडलं.

आखाजीच्या दिवशी नऊ वाजता रिक्षा दाराशी थांबली. उषाबाई उंबऱ्याशी गेल्या नाहीत. खापरावरची पुरणपोळी सोडून कसं जायचं, असं त्यांनी स्वतःलाच सांगितलं. नीलमनं भाकरतुकडा ओवाळून टाकला, पाणी पायांवर घातलं. आधी श्रीरंग आत आला, खाली मान घालून, आठ महिन्यांत दहा वर्षांनी मोठा झालेला. मग धावत हेतवी, शाळेतली गुजराती तोंडात घेऊन.

"नानी, जो! अंजीर!"

पेटी तिच्या हातात मावत नव्हती. उषाबाईंनी पोरीला पेटीसकट छातीशी धरलं. केसांना तेल होतं, दोन घट्ट वेण्या होत्या, फ्रॉकला इस्त्री होती. हे सगळं कोणीतरी पहाटे उठून केलं होतं, हे त्यांच्या लक्षात आलं आणि ते लक्षात आलेलं त्यांना आवडलं नाही.

"मम्मी, अंदर आव ने!" हेतवीनं मागे वळून हाक मारली.

ती बाई अजून उंबऱ्याच्या बाहेरच होती. उंच, सावळी, डोक्यावर पदर. वैजंता तिचं नाव. तिशी ओलांडलेली, पण हातातला हिरवा चुडा नवाकोरा. कोणीतरी ये म्हणेल म्हणून ती थांबली होती. नीलम म्हणाली तेव्हा ती आत आली, उषाबाईंच्या पाया पडली आणि भिंतीशी उभी राहिली. तिनं त्यांना आई म्हटलं नाही, मावशी म्हटलं नाही, मामीही म्हटलं नाही. काय म्हणावं हे तिला कोणी सांगितलं नसावं, आणि उषाबाईंनीही सांगितलं नाही.

"बसा पाहुनी," त्या म्हणाल्या.

नीलमनं चटकन सासूकडे पाहिलं. श्रीरंगची मान आणखी खाली गेली. आबांना ते ऐकूच आलं नाही, आणि कधी नव्हे ते बरं झालं.

"मारे अंजीरपोळी खावी छे," हेतवी म्हणाली. "पेली मम्मीवाळी. नानी, मम्मीने कह्यु छे के ए बनावशे."

पोरीनं दोघींनाही मम्मी म्हटलं होतं, आणि पहिली कोण, दुसरी कोण हे तिला स्वतःला अगदी स्वच्छ माहीत होतं.

"वाटभर तिनी हट्ट करा," वैजंता भिंतीकडूनच म्हणाली. "मले येत नही ते. पन पोर सांगस तसं करी दखसू. तुमनी परवानगी शे ते."

"त्याले कढई लागस," उषाबाई म्हणाल्या. विषय त्यांच्या दृष्टीनं तिथे संपला होता.

पण नीलम स्टुलावर चढली आणि माळ्यावरून तिनं ती कढई काढली. जाड बुडाची, झाकणासकट, आत मिठाचा डबा. दर वर्षी तेच मीठ वापरून ते तपकिरी झालं होतं. गेल्या आखाजीपासून तिला कोणी हात लावला नव्हता.

"कोनले इचारीसन काढी?"

"आई, कढई आहे ती," नीलम खाली उतरत हळूच म्हणाली. "ताईनं वापरायलाच ठेवली होती."

काल संध्याकाळी नीलम त्यांच्याशेजारी बसून गायत्रीच्या आठवणींनी रडली होती. आज तीच त्या बाईच्या हातात कढई देत होती. आंब्यांची टोपली आणि पातेलं घेऊन उषाबाई स्वयंपाकघराच्या दारातच फतकल मारून बसल्या आणि रसासाठी आंबे पिळू लागल्या. तिथून ओटा नीट दिसायचा. खरं सांगायचं तर त्यांना ते बिघडलेलं बघायचं होतं. पोळी चिघळावी, करपावी, पोरीनं तोंड वाकडं करून म्हणावं, मम्मीसारखी नाही झाली. इतकं वाईट आपल्या मनात येतंय याची त्यांना लाज वाटत होती, आणि तरी ते येतच होतं.

बिघडायला वेळ लागला नाही. वैजंतानं मैद्यात लोणी घातलं आणि भाकरीचं पीठ मळावं तसं तळहातांनी मळायला घेतलं. बाहेर बेचाळीस डिग्री. लोणी पाझरायला लागलं, पीठ हाताला चिकटून लोंबू लागलं. उषाबाईंनी एक आंबा पिळला. दुसरा पिळला. तिसरा त्यांच्या हातातच राहिला.

"हात माठना पानीमा बुडाव," त्या बोलल्या. "आन तळहात लावू नको. बोटेसनी चोळ. रव्यासारखं मोकळं व्हवाले जोईजे."

वैजंतानं मागे वळून पाहिलं नाही. हात माठाच्या पाण्यात बुडवले, पुसले, नवा मैदा घेतला. या वेळी पीठ मोकळं झालं.

अंजिरं तिनं चिरली आणि वर साखर घालून ठेवली. दहा मिनिटांत ताटलीत लाल पाक जमला. तो तसाच पोळीवर ओतायला ती निघाली, तेव्हा उषाबाई आंबे टाकून उठल्या.

"थांब. तो रस खाली गया ते पोयी भिजी जाई. सांजोरीना रवा शे ना भाजेल, तो पसर आधी. रवा रस पी लेस. मंग अंजीर."

"रवा?"

"हाव. सांजोरीना. क्लासवाल्या बाईनी बिस्किटना चुरा सांगा व्हता, गायत्रीनी रवा टाका. म्हने, आखाजीले घरमा रवा भाजेलच ऱ्हास, बिस्किट कोन इकत ली."

गायत्रीचं नाव त्यांच्या तोंडून इतकं सहज निघालं की त्या स्वतःच चपापल्या. आठ महिन्यांत त्यांनी ते नाव रडल्याशिवाय घेतलं नव्हतं.

मग त्या तिथेच उभ्या राहिल्या. मीठ कढईत किती जाड पसरायचं, त्यावर कोणतं स्टँड, झाकण ठेवून आधी रिकामी कढई किती वेळ तापवायची, कडा दुमडताना चुण्या कशा घालायच्या, वर लिंबाचे चार थेंब आणि तुपाचा हात. त्यांनी आयुष्यात एकदाही ही पोळी केली नव्हती. सात-आठ आखाजी त्या दारात बसून नुसत्या बघत होत्या, कारण गायत्री त्यांना उठू द्यायची नाही. आपण पोरीच्या तोंडाकडे बघत बसायचो, असंच त्यांना इतके दिवस वाटायचं. हातांकडेही बघत होतो हे आज कळलं. त्यांना एकदम इतकं भरून आलं की त्यांनी ओट्याची कड धरली.

वैजंतानं ते पाहिलं. ती कढईवर झाकण ठेवून बाजूला सरली.

"पाऊन घंटा," उषाबाई म्हणाल्या. "गॅस बारीक."

तोवर आबांनी पुढच्या खोलीत आगारीची तयारी केली होती. पाटावर पाण्यानं भरलेली घागर, वर खरबूज, त्यावर सांजोरी. घमेल्यात गोवरीचे निखारे. आखाजीला घरातल्या गेलेल्या माणसांच्या नावानं घागर भरायची, आणि पुरणपोळी, रस, तूप यांचा घास निखाऱ्यांवर सोडायचा, तो त्यांना पोचतो, हीच आगारी. आबांनी बापाचं नाव घेऊन घास सोडला, मग आईचं. खोलीत तुपाचा धूर भरला.

"जरा थांबा," उषाबाई म्हणाल्या. "पोयी व्हई जाऊ द्या. एक घास गायत्रीना."

आबांचा हात थांबला. "लेकनी आगारी माहेरमा पडत नही, वाल्मिकनी माय. तुले माहीत शे. तिन्ही घागर तिन्हा घरमा."

"कोन भरी तठे? लगीन करीसन मोकळा व्हयनात त्या."

हे त्या श्रीरंगच्या तोंडावर म्हणाल्या. वाल्मिक "आई!" म्हणत पुढे आला. उत्तर आलं ते स्वयंपाकघराच्या दारातून.

"मी भरी ना," वैजंता म्हणाली. "आज पहाटे. सासूबाई म्हनन्यात, तू कसाले भरस, श्रीरंग भरी. मी सांगं, मीच भरसू. तिन्ही पोर मन्हा कुशीमा झोपस, मंग तिले पानी मी नही देवाव ते कोन दी?" तिला एवढं बोलायची सवय नसावी. पदराशी चाळा करत तिनं पुढचं कसंबसं सांगितलं. "घागरवर खरबूज ठेवतस. पोर बोलनी, पेली मम्मीले अंजीर आवडस. मंग मी अंजीर ठेवं. चुकनं का काय, मले माहीत नही."

उषाबाईंना काय वाटलं ते त्यांनाही नीट सांगता आलं नसतं. आपल्या लेकीला पाणी मिळालं, एवढंच डोक्यात फिरत होतं. तहानलेली नाही ती. कोणीतरी दिलं.

त्याच वेळी फळीवरचा फोन वाजला. वैजंताचा होता. हेतवीनं तो उचलला आणि हल्लीची पोरं करतात तसा थेट स्पीकरवर टाकला.

"वैजू? जेवनी का व माय?" म्हातारा, थकलेला, लांबचा आवाज. मागून गाण्याचे सूर. "आठे समद्यासन्या पोरी ई गयात. तुन्हा बापनी लिंबले झोका बांधा. मी सांगं, ती येवाव नही. ते म्हनतस, नही ई ते नही ई, बांधना पडी. पोरनी पहिली आखाजी शे. सकायपाइन रिकामाच शे व झोका. शेजारन्या पोरी बसाले दखतस, पन बाप कोनले बसू देत नही..."

वैजंतानं धावत येऊन फोन घेतला. स्पीकर बंद करता करता ती दोनदा चुकली. "माय, मी मजामा शे. मंग बोलसू. हाव. मंग." तिनं फोन पदरात लपवला.

निखाऱ्यांवरचं तूप तडतडत होतं. सगळ्यात आधी बोलले ते आबा, आणि आयुष्यात पहिल्यांदाच त्यांचा आवाज खाली आला. "पोर, तुन्ही पहिली आखाजी शे?"

पहिली आखाजी. लग्नानंतरची. ती नवरीनं आपल्या आईकडे करायची, हे या घरात शेंबड्या पोरालाही ठाऊक होतं. गायत्रीच्या वेळी उषाबाई आठ दिवस आधीपासून दाराकडे डोळे लावून बसल्या होत्या, आणि जावयाला सुट्टी मिळत नाही म्हटल्यावर आबा स्वतः जाऊन तिला घेऊन आले होते. सगळी रीत जाणणारी ही माणसं, घागर कोणाची, आगारी कोणाची, साडी कोणी कोणाला द्यायची, सगळ्याचा त्यांनी कालपासून काथ्याकूट केला होता. पण ही बाई नवी नवरी आहे, हेच कोणाच्या ध्यानात आलं नाही. ती दुसरी होती. दुसरीची पहिली आखाजी असते, हे कोणाला सुचलंच नाही. खुद्द आबांनी फोन करून तिला आजच्या दिवशी इकडे बोलावलं होतं.

"मग तू बोलली का नाहीस?" नीलमनं विचारलं.

"सासूबाई म्हनन्यात, आधी तठला मान ले, मंग बाकीनं. नही ते पोरनं येनं-जानं बंद व्हई." वैजंतानं हेतवीच्या डोक्यावर हात ठेवला. "हिनी नानी सुटी जाई ना मंग. माय मन्ही समजी ली. पुढला साल जासू."

उषाबाई पाटाजवळच बसल्या. फोनवरच्या त्या आईला त्यांनी कधी पाहिलं नव्हतं, पण तिचा आजचा सगळा दिवस त्यांना पाठ होता. पहाटे उठून दुप्पट पुरण घातलेलं असेल. कोणाच्याही पावलांचा आवाज आला की हातातलं काम सोडून दाराशी जायचं. येणार नाही हे माहीत असूनही जायचं. शेजारणीची लेक आलेली बघून हसायचं आणि आत येऊन डोळे पुसायचे. त्यांच्या लेकीला यमानं नेलं होतं, त्याला कोणाचा इलाज नव्हता. पण त्या माउलीची लेक जिवंत होती, धडधाकट होती, आणि ती इथे उषाबाईंच्या स्वयंपाकघरात पाहुणी म्हणून उभी होती. तिला अडवून धरलं होतं ते यांनी.

"वाल्मिक, गाडी कव्हय शे?"

"कसली गाडी?"

"भुसावळकडली. हिन्हं गाव कोनतं, दोंडाईचा ना?"

"दोंडाईचाजोगे, खेडं शे," वैजंता म्हणाली. तिला अजून काही कळलं नव्हतं.

"उधन्याहून सव्वातीनला एक आहे," वाल्मिकनं घड्याळ बघितलं. "पण आई, एक वाजत आला."

"मंग बठना काय? रिक्षा सांग. नीलम, ताटं वाढ."

"मामी," श्रीरंग पहिल्यांदाच तोंड उघडून बोलला, "घरी आईला काय सांगू?"

उषाबाई पाटाजवळून उठल्या. त्या आत गेल्या. कपाट उघडल्याचा आवाज आला, मग चादरी उपसल्याचा. नीलम उठायला लागली तर आबांनी तिला हातानं थांबवलं. उषाबाई बाहेर आल्या तेव्हा त्यांच्या हातात मोरपंखी साडी होती, आणि डोळे लाल होते.

"बठ पाटवर."

वैजंता बसली. उषाबाईंनी हळदकुंकू लावलं, साडी मांडीवर ठेवली, खण, नारळ, गहू पदरात घातले. गहू थोडे खाली सांडले. "ही तिन्हाकरता लीधेल व्हती," त्या म्हणाल्या. "तुले खोटं सांगाव नही. तुन्हाकरता नही लीधी. पन आत्ते तुन्ही शे." मग श्रीरंगकडे वळल्या. "मायले सांगा, मान दिधा म्हनीसन."

वैजंता रडायला लागली ती तोंडात पदर कोंबून, आवाज न करता. तशी रडायची सवय कुठून लागते हे उषाबाईंना माहीत होतं.

कढईचं झाकण काढलं तर घरभर वास सुटला. कडा बदामी झाल्या होत्या, अंजिरांचा रस एका जागी फुटून बाहेर आला होता आणि तिथे काळा झाला होता. गायत्रीची कधी अशी फुटायची नाही. हेतवीनं फुंकर मारत पहिला घास खाल्ला. सगळे तिच्याकडे बघत होते.

"सेम नथी," ती म्हणाली. आणि दुसऱ्या तुकड्यासाठी हात पुढे केला.

एक तुकडा दगाआबांनी उचलला. ते निखाऱ्यांपाशी गेले, खाली वाकले, तो तुकडा निखाऱ्यांवर ठेवला आणि जे करायचं नाही असं तासाभरापूर्वी बायकोला बजावलं होतं ते केलं. नाव त्यांनी अगदी तोंडातल्या तोंडात घेतलं. पण आबाच ते. गायत्री हे नाव घरानं ऐकलं, समोर धुरपदाबाईंनी ऐकलं, गल्लीच्या टोकाला रिक्षात बसलेल्या माणसानंही ऐकलं असेल. कोणी त्यांना रीत सांगितली नाही.

उरलेली पोळी उषाबाईंनी केळीच्या पानात गुंडाळून डब्यात भरली. हेतवीचे कपडे त्या पिशवीत भरू लागल्या, तेव्हा नीलमनं त्यांचा हात धरला. "आई, हेतवीला तरी ठेवा ना. चार दिवस म्हणून आलीय ती. तुम्ही किती वाट बघितली."

"ती मायसंगे जाई," उषाबाई म्हणाल्या. पिशवीची चेन लागत नव्हती, त्यांनी ती जोरानं ओढली. आठ महिन्यांपासून त्या या चार दिवसांवर जगत होत्या, रात्री कुठली गोष्ट सांगायची तेसुद्धा ठरवून ठेवलं होतं.

"नानी, त्यां झूलो छे?" हेतवीनं विचारलं.

"छे. मोठा शे. तठे एक नानी शे, ती तुले झोका दी."

"बीजी नानी?"

"हां. बीजी, दुसरी."

श्रीरंग दोघींना घेऊन रिक्षात बसला आणि रिक्षा निघाली. वैजंतानं वळणापर्यंत मान बाहेर काढून मागे पाहिलं. हेतवीनं नाही पाहिलं, ती डब्याचं झाकण उघडायच्या खटपटीत होती. उषाबाई घरात आल्या. खोलीत धुराचा वास होता, पाटाखाली गहू सांडलेले होते. त्या वाकून एकेक दाणा वेचायला लागल्या, मग ते सोडून उठल्या आणि नीलमला म्हणाल्या, "वैजूनी गावना नंबर लाय."

नीलमनं रिक्षातल्या श्रीरंगला फोनवर विचारून नंबर लावला. पलीकडे बराच वेळ वाजत राहिलं. मग तोच थकलेला आवाज आला, मागे पोरींच्या गाण्याचे सूर.

"हॅलो? कोन बोलस?"

उषाबाईंनी बोलायला तोंड उघडलं. आपण कोण? गायत्रीची आई म्हटलं तर त्या बाईला काय कळणार. विहीण म्हणावं तर नातं बसत नाही. नीलम त्यांच्याकडे बघत उभी होती.

"मी," उषाबाई म्हणाल्या, "वैजूनी सुरतनी माय बोलस. पोर निंघनी. दिवा लागना टाइमले पोची जाई. वाट दखा."